चाळणी आणि निदान

एकत्र कुटुंबाचे गुण सांगूं लागलें कीं ‘आमच्या घरांत कोणाचें दुखलेंखुपलें लपून राहत नाहीं’ हें वाक्य हटकून ऐकावयास मिळतें. दहा माणसें एका छपराखालीं राहतात आणि एका पंगतीस जेवतात. तेव्हां एकाचा चेहरा उतरला तर तें दुसऱ्याच्या ध्यानांत आल्यावांचून कसें राहील, असा ह्या म्हणण्यामागील समज असतो. तो सर्वस्वीं खोटा आहे असें आम्हीही म्हणत नाहीं. तापानें फणफणलेलें मूल, काठी टेकीत चालणारे आजोबा, पानावरून उठून गेलेला मुलगा, ह्यांची विचारपूस अशा घरांत होतेच. परंतु दुखण्यांचा आणखी एक वर्ग आहे. तीं चेहऱ्यावर उमटत नाहींत. ज्याला असतात त्यालाही पुष्कळदां ठाऊक नसतात. आणि ठाऊक असलीं तरी लाजेमुळें, भीतीमुळें किंवा ‘इतक्याशा गोष्टीसाठीं घरांत गोंधळ कशाला’ ह्या विचारानें तोंडावाटे बाहेर पडत नाहींत. वाढलेला रक्तदाब, रक्तांत चढत जाणारी साखर, प्रथमावस्थेंतील गर्भाशयमुखाचा कर्करोग, बाळंतिणीच्या मनावर आलेलें मळभ आणि वृद्ध माणसाच्या हातून हळूहळू सुटत चाललेला स्मृतीचा धागा, हीं सारीं ह्याच वर्गांतील होत.

अशा दुखण्यांचा ठाव घ्यावयाचा तर विचारलें पाहिजे, आणि विचारण्याचेंही एक शास्त्र आहे, एवढेंच आज आम्हांस सांगावयाचें आहे. धान्य निवडणाऱ्या गृहिणीस हें शास्त्र समजावून देण्यास फारसे श्रम पडावयाचे नाहींत. पोतें घरीं आलें म्हणजे ती प्रत्येक दाणा हातीं घेऊन पाहत बसत नाहीं. आधीं धान्य चाळणींतून काढते, आणि जो भाग संशयाचा राहील तो ताटांत घेऊन, उजेडाकडे तोंड करून, खडा कोणता आणि दाणा कोणता हें निवडते. चाळणींतून एखादा खडा निसटतो, एखादा चांगला दाणाही वर अडकतो. पण पोत्याचें काम ताटाएवढें झालें, हा चाळणीचा उपकार. आरोग्याच्या कामांत ठराविक प्रश्नांची यादी, कंबर मोजण्याची फीत, रक्तदाबाचें यंत्र ही चाळणी होय. आणि डॉक्टरांनीं तपासून केलेलें निदान म्हणजे निवडणें. ह्या दोहोंची गल्लत झाली कीं एक तर घबराट होते, नाहीं तर बेफिकिरी.

हल्लीं कोल्हापूरच्या पेठांतून आणि करवीर, पन्हाळा, गडहिंग्लज ह्या तालुक्यांच्या खेड्यांतून जी आशाताई दारीं येते, तिच्या हातांत अशीच एक यादी असते. तीस वर्षांवरील प्रत्येक स्त्रीपुरुषासाठीं ती भरावयाची. वय किती, तंबाखू अगर विडी-सिगारेटचें व्यसन आहे काय, दारू घेतां काय, कमरेचा घेर किती, आठवड्यांत शरीरास किती व्यायाम घडतो, आणि आईबापांस वा भावंडांस रक्तदाब, मधुमेह किंवा हृदयरोग होता काय, असे हे प्रश्न, प्रत्येकास गुण. स्त्रीची कंबर ८० सेंटिमीटरपर्यंत आणि पुरुषाची ९० पर्यंत असल्यास शून्य, त्याहून दहा सेंटिमीटरपर्यंत अधिक असल्यास एक, त्यापुढें दोन. बेरीज चारांहून अधिक झाली तर त्या माणसानें तपासणीस आधीं यावें, इतकाच तिचा अर्थ. त्याला रोग जडला असा नव्हे, आणि बेरीज कमी भरली म्हणून तपासणी नको असाही नव्हे. पुढें खोकला, घटलेलें वजन, तोंडांतील न भरणारी जखम, स्तनांतील गांठ अशा लक्षणांची चौकशी असते.

पुष्कळ सुशिक्षित घरांत ह्या बाईस उंबऱ्याबाहेरच उत्तर मिळतें. ‘आमचे घरचे डॉक्टर आहेत, हें गरिबांसाठीं असेल’ असें म्हणून दार लोटलें जातें. २०२० सालच्या सप्टेंबरांत ‘माझे कुटुंब, माझी जबाबदारी’ ही मोहीम निघाली तेव्हां ह्याच घरांनीं मुकाट्यानें बोटास ऑक्सिमीटर लावून घेतला होता. कारण तेव्हां मृत्यू शेजारीं येऊन उभा होता. घरचे डॉक्टर कितीही कुशल असोत, ते बोलावल्यावर येतात आणि सांगितलेल्या दुखण्याचें औषध देतात. न सांगितलेल्या दुखण्यापर्यंत त्यांचा हात कसा पोंचावा?

न सांगितलेलें दुखणें किती असूं शकतें ह्याचा पडताळा आपल्याच महाराष्ट्रांत घेतला गेला आहे. डॉ. राणी बंग व डॉ. अभय बंग ह्यांनीं गडचिरोली जिल्ह्यांतील दोन गांवांत ६५० स्त्रियांची तपासणी केली. तिचा वृत्तांत ‘लॅन्सेट’ ह्या वैद्यकीय नियतकालिकांत १९८९ सालीं प्रसिद्ध झाला. शंभरांतील ९२ स्त्रियांस स्त्रीरोगांपैकीं एक वा अधिक रोग असल्याचें आढळलें, आणि पूर्वीं कधीं अशी तपासणी झालेल्या स्त्रिया शंभरांत अवघ्या ८ निघाल्या. ‘तो मुलूख निराळा, आमच्या घरांचा त्याच्याशीं काय संबंध?’ असें कोणी म्हणेल. त्यांनीं दुसरा एक आंकडा पाहावा. २०१९ ते २०२१ ह्या काळांत झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत, देशांतील ३० ते ४९ वर्षांच्या स्त्रियांपैकीं गर्भाशयमुखाच्या कर्करोगाची चाचणी आयुष्यांत एकदां तरी झालेल्या स्त्रिया शंभरांत दोनही भरल्या नाहींत. उरलेल्या अठ्ठ्याण्णवांत केवळ गरीब आणि अशिक्षितच आहेत असें कसें मानावें? त्यांत आपल्या घरच्या लेकीसुना आहेत, आणि त्यांच्या सासवाही आहेत.

पण अशी चाचणी केल्यानें जीव वाचतात हें कशावरून? येथें ‘आम्हांस वाटतें’ असें म्हणून भागत नाहीं, पुरावा लागतो. तो पुरावा कोल्हापुराहून फार दूर नसलेल्या धाराशिव जिल्ह्यांत, म्हणजे तेव्हांच्या उस्मानाबादेंत, मिळाला. मुंबईचें टाटा स्मारक केंद्र, बार्शीचें नर्गिस दत्त स्मारक कर्करोग रुग्णालय आणि फ्रान्समधील लिआँ येथील आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्था ह्यांनीं मिळून तेथील गांवांचे ५२ समूह निवडले. त्यांतील ३० ते ५९ वर्षांच्या १,३१,७४६ निरोगी स्त्रियांची, चिठ्ठ्या टाकाव्या त्या न्यायानें, चार गटांत वांटणी झाली. एका गटास एचपीव्ही ह्या विषाणूची चाचणी, दुसऱ्यास पेशींची सूक्ष्मदर्शकाखालील तपासणी, तिसऱ्यास पातळ अ‍ॅसेटिक आम्ल लावून डोळ्यांनीं करावयाची पाहणी, आणि चौथ्यास पूर्वींचीच व्यवस्था. चाचणींत दोष दिसलेल्या स्त्रियांस पुढील तपासणी व उपचार मिळाले. आठ वर्षांचा हिशेब २००९ सालीं प्रसिद्ध झाला. ज्या गटांत विषाणूची चाचणी एकदांच केली होती त्यांत ह्या कर्करोगानें ३४ स्त्रिया दगावल्या. ज्यांत कांहींच चाचणी नव्हती त्यांत ६४. पहिला गट दुसऱ्याहून लहान तर नव्हताच, थोडा मोठाच होता. चौथ्या गटास चाचणी दिली नाहीं ह्यावर पुढें नीतीच्या दृष्टीनें कडक टीका झाली. ती टीका अवश्य लक्षांत ठेवावी. आणि ज्या स्त्रियांच्या आयुष्यांतून हें ज्ञान मिळालें त्यांचें ऋण मानून तें वापरावें, हेंही तितकेंच खरें.

त्याच प्रयोगांत आणखी एक गोष्ट दिसून आली. आम्ल लावून केलेल्या पाहणीच्या गटांत मृत्यूंत म्हणण्याजोगी घट झाली नाहीं. मात्र मुंबईच्या झोंपडवस्त्यांत टाटा रुग्णालयानें १९९८ पासून चालविलेल्या दुसऱ्या एका प्रयोगांत, शिकवून तयार केलेल्या आरोग्यसेविकांनीं हीच पाहणी दर दोन वर्षांनीं, अशी चार वेळां केली. तेथें ह्या रोगाचे मृत्यू शेंकडा ३१ नीं कमी झाले. त्याच सेविकांनीं हातानें केलेल्या स्तनांच्या तपासणीचा वीस वर्षांचा हिशेब २०२१ सालीं बाहेर आला. पन्नाशींतील व त्यापुढील स्त्रियांत मृत्यू जवळजवळ शेंकडा ३० नीं घटले होते. त्याहून लहान वयांत मात्र तसा खात्रीचा लाभ दिसला नाहीं. म्हणजे एकच साधन एका वयास उपयोगी, दुसऱ्यास तितकें नव्हे. एकदां वापरल्यानें निष्फळ ठरलेलें, नियमानें वापरल्यास कदाचित् सफळ. ‘येथें लाभ दिसला नाहीं’ असें उत्तर आलें तर तेंही जसेंच्या तसें छापावयाचें, ही ज्या शास्त्राची रीत, त्याच्या होकारावर भरंवसा ठेवण्यास हरकत नाहीं.

आतां चाळणी आणि निदान ह्यांतील भेद आंकड्यांनीं पाहूं. एक काल्पनिक उदाहरण घ्या. हजार माणसांत एखाद्या रोगाचे दहा रोगी आहेत. आपली चाचणी दहांपैकीं नऊ रोग्यांस ओळखते, आणि निरोगी माणसांपैकीं शंभरांतील नव्वदांस निरोगी ठरविते. ऐकावयास ही चाचणी उत्तमच वाटेल. पण उरलेल्या ९९० निरोगी माणसांपैकीं शेंकडा दहा, म्हणजे ९९, तिनें चुकीनें संशयितांत घातलीं. संशयित झाले एकूण १०८. त्यांत खरे रोगी ९. म्हणजे ज्याची चाचणी ‘वाईट’ आली त्या बारांपैकीं अकरा जण निरोगीच आहेत! अशा वेळीं रडारड करणें जसें चुकीचें, तसेंच ‘एवढ्या चुका होतात तर पुढें कशाला जावयाचें’ म्हणून घरीं बसणें त्याहून घातक. कारण ते नऊ जण ह्या १०८ मध्येंच आहेत. म्हणूनच विल्सन व युंग्नर ह्या दोघां तज्ज्ञांनीं १९६८ सालीं जागतिक आरोग्य संघटनेसाठीं दहा कसोट्या लिहून ठेविल्या. रोग महत्त्वाचा असावा, तो लवकर ओळखतां यावा, चाचणी लोकांस मान्य व्हावी, आणि सर्वांत मुख्य म्हणजे रोग सांपडल्यावर त्यावर उपचार हाताशीं असावा. ज्या चाळणीपुढें निवडणारें कोणी बसलेलें नाहीं, ती निव्वळ मनस्ताप देते.

शरीराच्या दुखण्यास फीत आहे, यंत्र आहे. मनाच्या दुखण्याचें काय? तेथें प्रश्न हेंच यंत्र. ‘पीएचक्यू’ ह्या नांवाच्या नऊ प्रश्नांच्या यादींत गेल्या दोन आठवड्यांचा हिशेब मागतात. कशांत रस वाटतो काय, मन खिन्न असतें काय, झोंप कशी, भूक कशी, थकवा कितपत, आपण निरुपयोगी आहों असें वाटतें काय, आणि जगूं नये असा विचार येतो काय. प्रत्येकास शून्य ते तीन गुण, एकूण सत्तावीस, दहा वा अधिक झाल्यास जाणकारांकडे जावें. त्यांतील पहिले दोन प्रश्न आशाताईच्या यादींतही घातलेले आहेत. आमच्या घरांतून खिन्नता ‘खिन्नता’ ह्या नांवानें येत नाहीं. ती डोकेंदुखी म्हणून येते, कंबर धरली म्हणून येते, ‘अंगांत त्राणच नाहीं’ म्हणून येते; आणि तिला लोहाच्या गोळ्या व आराम ह्यांचा सल्ला मिळतो. गोव्यांत ‘संगात’ ह्या संस्थेनें डॉ. विक्रम पटेल ह्यांच्या पुढाकारानें दवाखान्यांत येणाऱ्या माणसांस अशाच एका प्रश्नावलींतून चाळून, शिकवून तयार केलेल्या सामान्य समुपदेशकांकडे सोंपविलें. २०१० सालीं प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत, सरकारी आरोग्यकेंद्रांतील रुग्णांपैकीं ही मदत मिळालेले शंभरांत सुमारें ६६ सहा महिन्यांनीं बरे झालेले दिसले. न मिळालेल्यांत सुमारें ४२. खासगी दवाखान्यांत मात्र तसा फरक आढळला नाहीं. चाळणी तीच, पुढची व्यवस्था जेथें जशी, तसा तिचा गुण.

ह्या साधनांविषयीं एक सावधगिरी अवश्य बाळगली पाहिजे. माप ज्यांच्यासाठीं केलें त्यांच्यावाचून इतरांस लावतांना तें पुन्हा तपासावें लागतें. वृद्धांची स्मृति तपासण्याची १९७५ सालीं अमेरिकेंत तयार झालेली एक प्रश्नावली जगभर चालते. तींत वाक्य लिहून दाखवा, शंभरांतून सात-सात वजा करीत जा, असे प्रश्न आहेत. जिनें पाटी कधीं हातीं धरली नाहीं अशा आजीबाईंस ती लावली तर शाळेचा अभाव हाच रोग ठरावयाचा. म्हणून हरियाणांतील बल्लभगड भागांत काम करणाऱ्या संशोधकांनीं लिहिण्यावाचण्यावर टेकलेले प्रश्न बदलून तिची हिंदी आवृत्ति केली. ती १९९५ सालीं प्रसिद्ध झाली. आपल्या घरांतही पाहा. आजीस ‘आज तारीख कोणती’ विचारलें तर ती गोंधळेल, पण आज दशमी आणि उद्यां एकादशी हें बिनचूक सांगेल. तिची स्मृति गेली नाहीं. प्रश्न तिच्या पंचांगांतला नव्हता, इतकेंच. उलट, जी आजी वर्षानुवर्षें एकादशी विसरली नाहीं ती आतां विसरूं लागली, पुरणांत गूळ घातला कीं नाहीं हें तिला आठवेनासें झालें, ओळखीच्या गल्लींत ती वाट चुकली, तर ‘वय झालें’ म्हणून सोडून देऊं नये.

मापाचें वयही पाहावें लागतें. शाळेंत मागें पडणाऱ्या कोणत्या मुलांस विशेष मदत हवी हें ओळखण्यासाठीं बिने व सिमों ह्यांनीं १९०५ सालीं पॅरिसमध्यें बुद्धिमापनाची पद्धति काढली. ती आपल्या मुलांस जशीच्या तशी लावणें योग्य नव्हे हें जाणून डॉ. व्ही. व्ही. कामत ह्यांनीं कानडी व मराठी बोलणाऱ्या मुलांवर तपासून तिला नवें रूप दिलें, आणि १९४० सालीं त्याविषयीं इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला. आमच्या सीमाभागाच्या दोन्ही भाषांस एकाच मापांत जागा देणारें हें काम मोठ्या अभिमानाचें आहे. परंतु पुढें कित्येक दशकें तेंच माप मुलांस लावलें जात राहिलें, आणि त्या काळच्या मुलांवरून बसविलेले आंकडे आजच्या मुलांस नीट लागू पडत नाहींत असा इशारा जाणकारांनीं दिला. एका बेरजेवर मुलाची शाळा, त्याचें प्रमाणपत्र आणि घरांतील त्याचें स्थान ठरतें. तेव्हां आपल्या मुलाची अशी परीक्षा झाली तर कोणतें माप वापरलें, तें केव्हां बसविलें आणि घरांत व शाळेंत मूल कसें वागतें ह्याची चौकशी झाली काय, हे तीन प्रश्न विचारण्याचा आईबापांस पूर्ण हक्क आहे.

तपासणीचें शस्त्र उलटतें कसें हेंही आमच्या प्रांतानें पाहिलें आहे. १८९७ सालीं पुण्यांत प्लेगच्या तपासणीच्या नांवाखालीं शिपाई लोकांच्या माजघरापर्यंत शिरले. तो जुलूम लोक पिढ्यान् पिढ्या विसरले नाहींत. संमतीवांचून केलेली तपासणी रोगापेक्षां अधिक भय पसरविते. दुसरें उदाहरण खुद्द कोल्हापुरचें. सोनोग्राफीचें यंत्र गर्भांतील व्यंग वेळींच ओळखण्यासाठीं आलें. पण शिकल्यासवरल्या घरांनींही तें मुलगी वगळण्यासाठीं वापरलें. २००१ सालच्या खानेसुमारींत कोल्हापूर जिल्ह्यांत सहा वर्षांखालील हजार मुलांमागें मुली अवघ्या ८३९ भरल्या. गर्भलिंगपरीक्षेस आळा घालणारा कायदा महाराष्ट्रानें देशांत सर्वांआधीं, १९८८ सालींच, केला होता; तरी ही दशा. पुढें २०१० च्या सुमारास तेव्हांचे जिल्हाधिकारी लक्ष्मीकांत देशमुख ह्यांनीं जिल्ह्यांतील सोनोग्राफी यंत्रांवर ‘सायलेंट ऑब्झर्व्हर’ हें नोंद ठेवणारें उपकरण बसविण्याची मोहीम चालविली. यंत्रावर पहारा बसवितां येतो; घरांतील हेतूवर पहारा घरानेंच ठेवावयाचा असतो.

म्हणून आमच्या वाचक कुटुंबांस आम्हांस चार गोष्टी सुचवावयाच्या आहेत. पहिली, आशाताई आल्या तर त्यांस आंत बोलावून पाणी द्यावें आणि घरांतील तीस वर्षांवरील सर्वांची यादी भरून घ्यावी. कर्त्या पुरुषांनीं आपली कंबर आधीं मोजून द्यावी, म्हणजे इतरांचा संकोच आपोआप मोडेल. दुसरी, आणि आमच्या मतें सर्वांत महत्त्वाची, सुनेची यादी सुनेनेंच, एकटीनें बसून भरावी. तिच्या वतीनें सासूबाई ‘तिला कांहीं नाहीं हो, ती अगदीं धडधाकट आहे’ असें उत्तर देतात, तेव्हां चाळणीचीं भोंकेंच बुजतात. तिनें काय सांगितलें हें तिला विचारूंही नये. तिसरी, चाचणींत संशय निघाला तर पुढील तपासणी पंधरवड्याच्या आंत करावी. कोल्हापुरांत ज्यास थोरला दवाखाना म्हणतात तें छत्रपती प्रमिलाराजे रुग्णालय आहे, घरचे डॉक्टर आहेत. कोठेंही जा, पण जा. मनाच्या दुखण्यासाठीं १४४१६ ह्या क्रमांकावर ‘टेलिमानस’ ही सरकारी सेवा आहे. आणि कोणीं ‘जगूं नये असें वाटतें’ म्हटलें तर पंधरवडा सोडाच, तो दिवसही जाऊं देऊं नये.

चौथी गोष्ट घरांतील आजीआजोबांनीं शिकून घेण्याजोगी आहे, आणि तिला केवळ सेकंदकाट्याचें घड्याळ लागतें. मूल खोकत असेल, श्वास जलद वाटत असेल, तर तें शांत असतांना पुरता एक मिनिट त्याचे श्वास मोजावे. दोन महिन्यांखालील बाळाचे ६० वा अधिक, दोन महिने ते एक वर्षापर्यंत ५० वा अधिक, आणि एक ते पांच वर्षांपर्यंत ४० वा अधिक भरले, तर न्यूमोनियाचा संशय धरून त्याला लगेच डॉक्टरांकडे न्यावें. श्वास कमी भरले, पण मूल दूध पीत नसेल, सुस्त पडलें असेल किंवा श्वास घेतांना त्याची छाती खालून आंत ओढली जात असेल, तर आंकड्याकडे पाहत बसूं नये; तसेंच उचलून न्यावें.

एकत्र कुटुंबांत माया असते, सेवा करणारे हात असतात, दवाखान्यांत रात्र काढावयास माणूस असतें. ज्या एकट्यादुकट्या घरांस हें मिळत नाहीं त्यांना विचारावें म्हणजे ह्या संपत्तीचें मोल कळेल. पण ती उपयोगीं पडावयाची ती दुखणें कळल्यावर. नुसत्या मायेस सर्व कांहीं न सांगतां कळतें, हा आपला जुना आणि गोड समज आहे. त्यापायीं कित्येक घरांतील बायका वेळेपूर्वीं गेल्या आहेत. मायेनें प्रश्न विचारावा, नीट विचारावा, आणि आलेलें उत्तर धीरानें ऐकून घ्यावें.